चोपड्याचे दोन मनोरे

२१ एप्रिल १९९८, मंगळवार. सकाळी साडेनऊला मी नाकाला पदर लावून अमोनियाच्या पेटीपाशी उभी होते. एका घराच्या नकाशाच्या सहा प्रती काढायच्या होत्या. अकरा वाजता जागेची मालकीण चोपड्याहून सहीला येणार होती. शुक्रवारी भूमिपूजन होतं आणि रविवारी घर बांधणाऱ्याचं विमान.

ज्यांनी हा धंदा पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. मी जळगावात एका आर्किटेक्टच्या ऑफिसात तेव्हा एकोणीस वर्षं ड्राफ्ट्समन होते. हजेरीपटावर तसंच लिहिलेलं होतं आणि मी ते कधी बदलायला लावलं नाही. साहेब पेन्सिलीने कच्चा नकाशा काढत. मी तो पारदर्शक ट्रेसिंग कागदावर शाईने उतरवत असे. भिंतीला जाड पेन, दार-खिडकीला मधलं, फरशीला बारीक. चूक झाली तर ब्लेडने शाई खरवडायची. एका जागी दोनदा खरवडता येतं, तिसऱ्यांदा कागद फाटतो आणि चार दिवसांचं काम जातं. ट्रेसिंग तयार झालं की त्यावरून अमोनियाच्या वाफेत निळ्या रेघांच्या प्रती निघतात. त्या वासाने डोळ्यांतून घळाघळा पाणी येतं. ऑफिसात नवीन आलेलं गिऱ्हाईक मला तशा अवस्थेत बघून हळू आवाजात बोलू लागे, घरी काही वाईट घडलं असावं म्हणून.

एप्रिल-मे महिन्यांत जळगावात हे काम करणं ही वेगळीच विद्या आहे. पंखा लावला तर कागद उडतो. कूलर लावला तर ओलसर हवेने ट्रेसिंगला लाटा येतात. काहीच लावलं नाही तर मनगटाचा घाम शाईत उतरतो. मी मनगटाला पावडर लावून खाली रुमाल घालत असे आणि दुपारी एक ते चार फक्त अक्षरं लिहीत असे, कारण अक्षराला हात उचलता येतो, लांब रेघेला येत नाही.

गिऱ्हाइकं तऱ्हेतऱ्हेची. बोदवडच्या एका सद्गृहस्थांना संडास घरापासून इतका लांब हवा होता की तो शेजाऱ्याच्या प्लॉटमध्ये जात होता. ते म्हणाले, शेजारी चांगला माणूस आहे. सावद्याच्या एका केळीच्या व्यापाऱ्यांनी उत्तर दिशेचा बाण पाहून नकाशा परत केला. बाणाचं टोक देवघराकडे होतं, ते त्यांना चाललं नाही. दिशा बदलणं माझ्या हातात नव्हतं, म्हणून मी बाण उचलून रस्त्यावर नेऊन ठेवला. टोक अजून तिकडेच होतं, पण मध्ये रस्ता आल्यामुळे त्यांचं समाधान झालं. असे शंभर किस्से आहेत. पण मला कोणी विचारलं की तुमच्या हातून झालेली सगळ्यात मोठी चूक कोणती, तर मी चोपड्याचंच नाव घेते.

सुपडूभाऊ मार्चमध्ये पहिल्यांदा ऑफिसात आले. चाळिशीचा माणूस, उन्हाने काळवंडलेला, इस्त्रीचा शर्ट, आणि दोन्ही तळहातांना सुताराचे घट्टे. ते आखातात अकरा वर्षं शटरिंगचं काम करत होते, म्हणजे काँक्रीट ओतायच्या आधी जो लाकडाचा साचा बांधतात तो बांधायचं. गावात आखातातल्या कुठल्याही देशाला दुबईच म्हणतात, त्यामुळे ते दुबईवाले सुपडूभाऊ. त्यांनी खिशातून प्लास्टिकच्या पिशवीत ठेवलेलं एक रंगीत चित्र काढलं. कंपनीच्या कॅलेंडरचं कापलेलं पान होतं. आखातातल्या एका शहराचा व्यापारी भाग, आणि मधोमध एकमेकांसारखे दोन काचेचे मनोरे. वरचे माथे सुरीने तिरपे कापल्यासारखे, एकमेकांकडे झुकलेले.

ते सांगू लागले, खाली बाजार आहे, या मनोऱ्यात कचेऱ्या, त्या मनोऱ्यात हॉटेल आणि राहायचे फ्लॅट. "बारावा मजला ते एकतिसावा मजला, हे खांब माझ्या हाताखालून गेलेत, ताई."

मग म्हणाले, मला असंच बांधायचंय. चोपड्यात.

साहेबांनी चष्मा काढला. तो पुसत बसले. नाही म्हणायचं असलं की ते चष्मा पुसत.

पण सुपडूभाऊंचा विचार पक्का होता. दोघे भाऊ. धाकटा मधुकर गावात राहून केळीची शेती आणि वखार सांभाळतो. एक मनोरा मधुकरचा, एक आपला. खाली रस्त्याच्या बाजूला गाळे, मागे वखार. बाजार, कचेरी, घर, सगळं एकाच जागी, त्या चित्रातल्यासारखं. साहेबांनी मजले तळमजला अधिक तीनवर आणले, लिफ्ट काढून टाकली, काचेच्या जागी गिलावा आणला, कारण चोपड्याच्या उन्हात काचेमागे केळी आपोआप पिकली असती. तिरपे माथे मात्र सुपडूभाऊंनी सोडले नाहीत. ते म्हणाले, बाकी सगळं काढा, पण लांबून बघणाऱ्याला कळलं पाहिजे.

आणि मी त्यांच्या बाजूची झाले. एकोणीस वर्षांत मी शेकडो चौकोनी घरं काढली होती. वर गच्ची, गच्चीला कठडा, कठड्याला जाळी. पहिल्यांदा असं काही आलं होतं की पेन हातात घ्यावंसं वाटलं. दर्शनी बाजूचं चित्र, ज्याला आम्ही एलेव्हेशन म्हणतो, त्यावर मी तीन दिवस घालवले. तिरप्या माथ्यांना सावली दिली. समोर दोन निंबाची झाडं काढली, एक जीपही काढली. शनिवारी संध्याकाळी शेवटची रेघ ओढली तेव्हा साहेब मागे येऊन उभे राहिले आणि म्हणाले, बाई, हे चांगलं झालं. साहेब असं बोलत नसत.

त्या सहा प्रती मंगळवारी पेटीतून निघाल्या, आणि अकराच्या सुमाराला जीप आली.

जागा आईच्या नावावर होती. नगरपालिकेत द्यायच्या प्रत्येक प्रतीवर मालकाची सही लागते, म्हणून मुलं आईला घेऊन आली होती. सत्तरीच्या आसपासची, हडकुळी, हिरवं लुगडं नेसलेली बाई. सगळे त्यांना अक्का म्हणत, मुलंसुद्धा. खुर्चीवर बसल्या, पाणी प्यायल्या, पेन हातात घ्यायच्या आधी म्हणाल्या, दाखव.

मी टेबलावर नकाशा पसरला. बहुतेक लोक नकाशा चित्र बघावं तसा बघतात आणि मान डोलावतात. अक्कांनी दारावर बोट ठेवलं आणि त्या आत चालत गेल्या. ही बैठक का, हा जिना का, विचारत विचारत बोट एका मनोऱ्यातून वर गेलं, स्वयंपाकघरात थांबलं, खाली उतरलं, दुसऱ्या मनोऱ्यात शिरलं.

"या खांबमा बी चूल शे?"

मधुकर टेबलाच्या पायाकडे बघत होता. सुपडूभाऊ म्हणाले, दोन घरं आहेत अक्का, दोन चुली लागणारच.

"लागनारच. मंग मी सोमवारे या खांबमा जेवसू, मंगळवारे त्या खांबमा. बुधवारे कोठे जाऊ, बस स्टँडवर?"

साहेबांना हसू आलं, ते त्यांनी खोकल्यात घातलं. अक्का हसल्या नाहीत. बोट परत जिन्यावर गेलं आणि तिसऱ्या मजल्यावर जाऊन अडलं. पुढे रेघ नव्हती.

त्यांनी विचारलं, धाब्यावर कुठून चढायचं?

मी मोठ्या उत्साहाने सांगितलं, अक्का, वर गच्ची नाही, माथा तिरपा आहे. आणि माझं ते तीन दिवसांचं चित्र त्यांच्यापुढे ठेवलं. त्यांनी ते दोन्ही हातांनी धरलं, जवळ नेलं, लांब नेलं. झाडं बघितली, जीप बघितली.

"चांगलं काढेल शे, बहिन," त्या म्हणाल्या. "पन बिबडा कोठे टाकू?"

खानदेशाबाहेरच्या वाचकांना बिबडे सांगायला हवेत. ज्वारी तीन दिवस भिजवायची, दळायची, मोठ्या पातेल्यात लाकडी दांड्याने ढवळत शिजवायची. हा घाटा गरम असतानाच हाताने ओल्या कापडावर पातळ थापायचा आणि कडक उन्हात वाळवायचा. गार झाला की तो थापला जात नाही. हे एकटीचं काम नाही. एक ढवळते, दोघी थापतात, एक चिमण्या हाकते, आणि गल्लीतल्या बायका आज तुमच्याकडे, उद्या आमच्याकडे अशा फिरतात. घाटा चुलीवर शिजतो, पण थापणं-वाळवणं सगळं होतं धाब्यावर, म्हणजे घराच्या सपाट छपरावर. चैत्र-वैशाखात खानदेशातलं कुठलंही गाव वरून पाहिलं तर पांढरं दिसेल. ज्या घराला धाबं नाही, त्या घरी त्या दिवसांत कोणी येत नाही.

आणि मी? मी शनिवारी संध्याकाळी ते बिनगच्चीचं घर पुरं केलं, रविवारी पहाटे उठून माझ्या गच्चीवर चार शेजारणींबरोबर पाच किलोचे बिबडे घातले, सोमवारी ऑफिसात येऊन त्याच नकाशावर खोल्यांची नावं लिहिली, आणि तरी माझ्या डोक्यात काही आलं नाही. त्या क्षणीसुद्धा माझे बिबडे घरी गच्चीवर वाळत होते. पुण्या-मुंबईच्या ड्राफ्ट्समनने ही चूक केली असती तर मी त्याला चार नावं ठेवली असती.

साहेबांनी तोडगा काढला. माथे सपाट करू, तिसऱ्या मजल्यावर गच्ची देऊ.

"तिसरा माळावर लई जासू तवलूंग घाटाना दगड व्हई जाई," अक्का म्हणाल्या आणि पेन माझ्याकडे सरकवलं. सही नाही.

भांडण झालं नाही. झालं असतं तर बरं झालं असतं. सुपडूभाऊ नुसते उभे राहिले, खिडकीपाशी गेले, परत आले. त्यांची रजा दोन वर्षांनी मिळाली होती. या वेळी भूमिपूजन झालं नाही तर पुढच्या रजेला आई असेल की नाही, हे त्या खोलीत सगळ्यांना कळत होतं, आईलाही. अखेर ते बोलू लागले, आणि ते मला ऐकवत होते की आईला, हे मला आजही सांगता येणार नाही. म्हणाले, तिकडच्या मनोऱ्यांचं काम संपलं, काचा बसल्या, उद्घाटन झालं. एका शुक्रवारी सुट्टी होती म्हणून धुतलेला शर्ट घालून आपण बांधलेलं बघायला गेलो. दारावरच्या माणसाने कार्ड मागितलं. कार्ड नव्हतं. त्याला सांगितलं, बारा ते एकतीस मी बांधलंय. त्याने मला रस्त्याच्या पलीकडे उभं राहून बघायला सांगितलं. तिथून बघितलं आणि बस पकडून परत आलो.

हे अक्कांनी पहिल्यांदाच ऐकलं असावं. लुगड्याचा पदर डोक्यावर नीट ओढत त्यांनी विचारलं, "तू बांधं ना ते? मंग तुले मझार काबर जाऊ दिधं नही?"

आत का जाऊ दिलं नाही, एवढंच त्यांना कळेना. तो प्रश्न तिथेच सोडून त्यांनी दुसरा विचारला. मग भाकर कुठे खायचात?

"मधे," सुपडूभाऊ म्हणाले. "दोन मनोऱ्यांच्या मधे बाजाराचं छप्पर होतं ना, सपाट. काम चालू होतं तोवर सगळे तिथेच बसायचो. आपले लोक, बिहारचे, केरळचे. कपडे पण तिथेच वाळत टाकायचो."

मी कॅलेंडरचं पान उचललं. महिनाभर ते माझ्या टेबलावर पडलं होतं आणि मी फक्त माथे बघत होते. खाली, दोन मनोऱ्यांच्या पायाशी, बाजाराच्या इमारतीचं लांबलचक सपाट छप्पर स्पष्ट दिसत होतं. आमच्या नकाशात त्या जागी, गाळ्यांच्या आणि वखारीच्या वर, मी पत्रे घातले होते.

मी साहेबांना विचारलं, पत्र्यांच्या जागी स्लॅब टाकला तर? साहेब चष्मा पुसत नव्हते, म्हणून मी थांबले नाही. कोरा कागद घेतला, पेन्सिल घेतली आणि पहिल्या मजल्याच्या उंचीवर दोन मनोऱ्यांच्या मधे एक मोठा चौकोन काढला. दोन्ही घरांची दारं त्यावर उघडली. मागच्या अंगाला, धाब्याला लागूनच, एक लांब स्वयंपाकघर काढलं. दोन्ही मनोऱ्यांतल्या चुली खोडल्या. मधुकर पहिल्यांदाच टेबलाजवळ आला आणि म्हणाला, नळ बाहेरच्या बाजूला ठेवा, बायका भांडी तिथेच घासतील. एवढं एकच वाक्य तो दिवसभरात बोलला, पण कामाचं बोलला.

अक्कांनी पुन्हा दारावर बोट ठेवलं. जिन्याशी थांबल्या आणि पायऱ्या किती, विचारलं. मी हिशेब करून सतरा सांगितल्या. जुन्या घराच्या शिडीला चौदा होत्या. साहेबांनी समजावलं की गाळ्यांची उंची यापेक्षा कमी होणार नाही. भाजी घेताना करावी तशी थोडी घासाघीस झाली. शेवटी सतरावर मान्य झालं, पण मधे बसायला जागा हवी या अटीवर. मी नवव्या पायरीनंतर चार फुटांचा टप्पा काढला. त्यांनी त्यावर बोट टेकवून थोडा वेळ विसावा घेतला आणि वर गेल्या. धाब्यावर पोचल्यावर बोट चारी बाजूंनी फिरवलं.

"आते बरं शे."

राहिले माथे. मधला स्लॅब टाकायचा तर सळई आणि काँक्रीट कुठून तरी कमी करायला हवं, असं साहेबांनी सरळ सांगितलं. सुपडूभाऊंनी माझं एलेव्हेशन पुढे ओढलं. बराच वेळ त्या तिरप्या माथ्यांकडे बघत होते. मीही बघत होते, उलट्या बाजूने.

"काढा ताई," ते म्हणाले. "माथे काढून टाका."

मी सांगितलं की पक्का नकाशा गुरुवारी दुपारपर्यंत शाईत होईल, सहीला परत यावं लागेल. अक्कांनी मान हलवली. त्यांना आत्ताच सही करायची होती, त्या पेन्सिलीच्या कागदावर. मी म्हटलं, हा कच्चा आहे, नगरपालिकेत चालत नाही. त्या म्हणाल्या, नगरपालिकेसाठी नाही, तुमच्यासाठी. शाईत तुम्ही काय कराल कोणाला माहीत.

मग त्यांनी पेन घेतलं आणि दोन खांबांच्या बरोबर मधोमध, धाब्यावर, इकडच्या भिंतीपासून तिकडच्या भिंतीपर्यंत पोचेल एवढ्या मोठ्या अक्षरांत आपलं नाव लिहिलं. प्रौढ शिक्षणाच्या वर्गात शिकलेलं, एकेक अक्षर थांबत थांबत. त्या चौकोनात दुसरं काही काढायला जागाच उरली नाही. आजवर अनेक अधिकाऱ्यांचे शिक्के पाहिले, एवढी पक्की मंजुरी कोणाची पाहिली नाही.

निघताना सुपडूभाऊ परत आत आले आणि रद्द झालेल्या सहा प्रतींपैकी एक मागितली. तिकडे माझ्या खोलीत राहणाऱ्या लोकांना दाखवायला, म्हणाले. मी झाडं आणि जीप सगळ्यात स्वच्छ उमटलेली प्रत निवडून, गुंडाळून दिली.

ते घर झालं. पाच-सहा वर्षांनी मी एका लग्नाला चोपड्याला गेले होते तेव्हा मुद्दाम रिक्षा तिकडून नेली. मनोरे म्हणायला तीन मजल्यांचेच आहेत आणि माथे इतरांसारखेच सपाट आहेत. लांबून बघणाऱ्याला काहीही कळत नाही. मधल्या धाब्यावर मात्र सहा-सात बायका वाकून काही थापत होत्या आणि एक म्हातारी खुर्चीवर बसून काठीने चिमण्या हाकत होती. रिक्षावाल्याने सांगितलं, इथे साऱ्या गल्लीचे बिबडे होतात. मी वर गेले नाही. लग्नाचा मुहूर्त बाराचा होता.

माझ्या मनात एकच रुखरुख राहिली, तीही धंद्यातली. त्या एलेव्हेशनइतकी सरळ आणि नेमकी रेघ मला नंतर कधी जमली नाही. पुढे ऑफिसात संगणक आले आणि रेघ सरळ येणं ही काही विशेष गोष्ट राहिली नाही. माझ्या ड्रॉइंग बोर्डाची साहेबांनी फायली ठेवायची फळी केली.

पण ते नंतरचं. त्या मंगळवारी संध्याकाळी मी रद्द झालेलं ट्रेसिंग गुंडाळून घरी नेलं. ऑफिसात ठेवलं असतं तर कोणीतरी मागच्या बाजूला हिशेब लिहिले असते.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला मी गच्चीवर गेले. बिबडे खडखडीत वाळले होते. कापडावरून अलगद सोडवले, मोडके वेगळे काढले, पत्र्याचा मोठा डबा पुसून घेतला. ट्रेसिंग कागद जाड असतो, पत्र्याचा गंज बिबड्यांना लागू देत नाही. ते तिरपे माथे डब्याच्या मापाने गोल कापून तळाशी घातले, वर बिबडे रचले, झाकण घट्ट लावलं. नऊ वाजता ऑफिसात जाऊन नवा कागद बोर्डाला चिकटवला आणि सगळ्यात आधी ते धाबं काढलं.